मोहनेचा पदन्यास : पद्मिनी आणि तमिळ चित्रपटातील नर्तकीची प्रतिमा

लोकप्रियता ही समीक्षेला नेहमीच अडचणीत टाकणारी गोष्ट आहे. एखादा कलावंत लोकांना का आवडतो, या प्रश्नाचे उत्तर देण्याचे काम समीक्षेने बहुधा समाजशास्त्राकडे सोपवलेले असते आणि समाजशास्त्र त्या कलावंताच्या कलेकडे न पाहताच उत्तर देऊन मोकळे होते. त्यातून चित्रपटातील नटी हा विषय असला की दोन्ही शास्त्रे संकोचतात. नटीची लोकप्रियता ही तिच्या रूपाची लोकप्रियता असे गृहीत धरले जाते, आणि रूप काळाबरोबर ओसरते म्हणून लोकप्रियताही ओसरावी अशी अपेक्षा असते. ही अपेक्षा ज्या काही थोड्या अभिनेत्रींनी खोटी ठरवली त्यांत पद्मिनी (1932-2006) यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल. ‘तिल्लाना मोहनाम्बाळ’ हा ए. पी. नागराजन यांचा चित्रपट 1968 साली प्रदर्शित झाला. तो तमिळ घराघरांत आजही पाहिला जातो, आणि ज्यांच्या आजीच्या तरुणपणी तो लागला होता अशा मुलींना ‘मोहना’ म्हणजे कोण हे सांगावे लागत नाही. या टिकून राहण्याचा अन्वयार्थ केवळ स्मरणरंजनाच्या आधारे लावता येणार नाही. माझ्या मते त्याचे मूळ तमिळ समाजाने विसाव्या शतकात आपल्या नृत्यपरंपरेचे जे केले त्यात, आणि त्या करण्याविषयी त्याच्या मनात जी न मिटलेली टोचणी आहे तिच्यात, शोधायला हवे.

पद्मिनींचा जीवनक्रम थोडक्यात असा. जन्म त्रिवेंद्रमचा, मातृभाषा मलयाळम. थोरली ललिता, धाकटी रागिणी. तिघी मिळून ‘त्रावणकोर भगिनी’. गुरू गोपीनाथ आणि तिरुविडैमरुदूरचे महालिंगम पिळ्ळै हे त्यांचे नृत्यगुरू. (मराठी वाचकाला हे नाव अगदीच परके नाही. याच तिरुविडैमरुदूर घराण्याने 1945 साली मुंबईत श्री राजराजेश्वरी भरतनाट्य कला मंदिराची स्थापना केली आणि माटुंग्यात मुलींच्या दोन-तीन पिढ्या घडवल्या.) उदय शंकर यांनी मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत चित्रित केलेल्या ‘कल्पना’ (1948) या चित्रपटात पद्मिनी नर्तकी म्हणून पडद्यावर आल्या. पुढची दोन-तीन वर्षे कथेशी फारसा संबंध नसलेल्या नृत्यप्रसंगांपुरतीच बहिणींची हजेरी असे. एन. एस. कृष्णन यांच्या ‘मणमगळ’ने (1951) पद्मिनी नायिका झाल्या, ‘पणम्’मध्ये (1952) शिवाजी गणेशन यांच्याबरोबर त्यांची जोडी जमली. (अण्णादुराईंच्या नाटकात शिवछत्रपतींची भूमिका केल्यामुळे पेरियार यांनी गणेशनना ‘शिवाजी’ हे नाव दिले, ही गोष्ट आपल्याकडे ठाऊक असते, ती भूमिका पाहायला मिळालेली माणसे मात्र आता विरळाच.) 1961 साली डॉक्टरांशी विवाह, मग पुनरागमन, 1970च्या दशकात अमेरिका आणि न्यू जर्सीत नृत्यशाळा. फाझिल यांच्या ‘नोक्केत्ता दूरत्तु कण्णुम नट्टु’ (1984) आणि त्याची तमिळ आवृत्ती ‘पूवे पूचूड वा’ (1985) यांतील एकाकी आजी ही त्यांच्या उत्तरायुष्यातील लक्षणीय भूमिका.

या क्रमात एक गोष्ट चटकन ध्यानात येत नाही. पद्मिनी ज्या घरातून आल्या ते घर नृत्यव्यवसायी नव्हते. त्यांनी ज्या भूमिका केल्या त्यांतील अनेक स्त्रिया मात्र नृत्यव्यवसायी आहेत. ‘मदुरै वीरन’मधील (1956) दरबारी नर्तकी, ‘परदेसी’ (1957) या भारत-सोविएत चित्रपटातील नर्तकी लक्ष्मी, आणि सर्वांत शेवटी मोहना. ज्या वर्षांत या भूमिका घडत होत्या त्याच वर्षांत त्या व्यवसायाच्या खऱ्या वारसदार स्त्रिया रंगमंचावरून नाहीशा होत होत्या. मद्रास प्रांताचा देवदासी प्रतिबंधक कायदा 1947चा. त्याआधीची दीड-दोन दशके मुत्तुलक्ष्मी रेड्डी यांचे सुधारणेचे प्रयत्न आणि त्यांना ई. कृष्ण अय्यर प्रभृतींनी केलेला कलावादी विरोध यांनी गाजली होती. रुक्मिणीदेवींच्या कलाक्षेत्राची स्थापना 1936ची. ‘सदिर’चे ‘भरतनाट्यम्’ झाले ते या काळात. अमृत श्रीनिवासन यांच्या 1985च्या निबंधापासून दवेश सोनेजी यांच्या ‘अनफिनिश्ड जेस्चर्स’ (2012) या ग्रंथापर्यंत अभ्यासकांनी दाखवून दिले आहे की सुधारणावादी आणि पुनरुज्जीवनवादी या दोन भांडणाऱ्या पक्षांचा एका बाबतीत न बोलता मेळ बसला होता. नृत्य वाचवायचे तर ते नाचणाऱ्या स्त्रीपासून सोडवून घ्यायला हवे, हे दोघांनाही मान्य होते. पद्मिनी या सोडवून घेतलेल्या नृत्याच्या पहिल्या पिढीतल्या. असे म्हणण्यात त्यांच्यावर काही आरोप नाही. चौदा-पंधरा वर्षांच्या मुलीच्या हातात इतिहासाची सूत्रे नसतात. पण त्यांच्या प्रतिमेचे वाचन करताना ही पार्श्वभूमी विसरता येत नाही.

नर्तकी म्हणून पद्मिनींचे मूल्यमापन करायचे तर ‘वंजिकोट्टै वालिबन’ (1958) या एस. एस. वासन यांच्या चित्रपटातील स्पर्धानृत्यापासून सुरुवात करावी. त्याची हिंदी आवृत्ती ‘राज तिलक’ त्याच वर्षी आली. दोन्हींचे संगीत सी. रामचंद्र यांचे, त्यामुळे पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांचा तमिळ लोकस्मृतीतील वाटा मराठी रसिक समजतात त्यापेक्षा मोठा आहे. दोन राजकन्या, पद्मिनी आणि वैजयंतीमाला, एका पुरुषासमोर नाचत आहेत. नृत्यदिग्दर्शन हिरालाल यांचे. या प्रसंगातील पी. एस. वीरप्पांचा स्पर्धेला दाद देणारा उद्गार तमिळमध्ये म्हणीसारखा वापरला जातो. राजकारणातल्या लढतीपासून शेजारणींच्या भांडणापर्यंत तो कुठेही लागू होतो. स्पर्धेचा निकाल चित्रपट देत नाही आणि प्रेक्षकांनीही तो गेली साडेसहा दशके दिलेला नाही.

या प्रसंगाकडे तंत्राच्या दृष्टीने पाहिले तर दोघींची प्रकृती भिन्न असल्याचे दिसते. वैजयंतीमालांची रेषा लांब, हालचाल हवेत झेपावणारी, पायांचा आघात कोरडा आणि नेमका. पद्मिनींचे शरीर भरलेले, त्यांचा भार जमिनीकडे. त्या तालाच्या अलीकडे किंचित रेंगाळतात आणि समेवर येताना चेहऱ्याने आधी येतात, पायाने मागाहून. शुद्ध नृत्ताच्या कसोटीवर मी वैजयंतीमालांना झुकते माप देईन. पण कॅमेरा नृत्ताला नेहमीच न्याय देत नाही. तो अंगाचे तुकडे करतो, पाय वेगळे, डोळे वेगळे, आणि त्या तुकड्यांना जोडणारे सातत्य ज्याच्या चेहऱ्यात असेल तो पडद्यावर टिकतो. पद्मिनींच्या मुद्रेत ते सातत्य होते. नृत्याच्या मध्येच कुणाला तरी ओळखल्याची खूण डोळ्यांत उमटावी आणि हस्तमुद्रा मोडू नये, हे त्यांना साधे. ही गोष्ट अभिनयाची की नृत्याची असा प्रश्न विचारणे मला व्यर्थ वाटते, कारण ज्या परंपरेतून ती आली तिथे ‘अभिनय’ हा नृत्याचाच एक भाग आहे.

हिंदी चित्रपटाने पद्मिनींकडे वेगळ्या नजरेने पाहिले. ‘जिस देश में गंगा बहती है’ (1960) आणि ‘मेरा नाम जोकर’ (1970) या राज कपूर यांच्या चित्रपटांत त्यांचे शरीर हा निसर्गाचा भाग आहे : पाणी, पाऊस, मोकळे केस. तिथली त्यांची स्त्री अशिक्षित, रांगडी, संस्कारपूर्व अवस्थेतली असते आणि नृत्य तिला शिकावे लागत नाही, ते तिच्यातून वाहते. मद्रासने ज्या शरीराला शिस्तीचे प्रतीक केले त्याच शरीराला मुंबईने शिस्तीच्या अभावाचे प्रतीक करावे, ही विसंगती मोठी बोलकी आहे. दक्षिणेची स्त्री म्हणजे उत्तरेच्या कल्पनेतील ‘आदिम’ असे समीकरण मांडण्याचा मोह होतो, परंतु राज कपूर यांनी उत्तरेच्या नायिकांनाही पाण्यात उभे केले आहे, म्हणून तो मोह आवरलेला बरा.

‘तिल्लाना मोहनाम्बाळ’ची संहिता कोत्तमंगलम सुब्बु यांच्या, 1950च्या दशकात ‘आनंद विकटन’मधून क्रमशः प्रसिद्ध झालेल्या कादंबरीवर आधारलेली आहे. सिक्कलचा नादस्वरवादक षण्मुगसुंदरम् आणि तिरुवारूरची नर्तकी मोहना यांच्या कलेतील ईर्ष्येची आणि प्रेमाची ही कथा. तो अहंकारी, ती मानी. तिच्या आईला तिच्यासाठी धनिक आश्रयदाता हवा आहे. वैत्ती नावाचा दलाल (नागेश यांची ही भूमिका म्हणजे खलत्व आणि विनोद यांची अजोड सरमिसळ) एकामागून एक जमीनदार आणि संस्थानिक आणून उभे करतो. मोहना त्या साऱ्यांना नाकारत शेवटी षण्मुगसुंदरम् याची विवाहित पत्नी होते. नादस्वरम् वाजवले आहे ते मदुरैच्या सेतुरामन आणि पोन्नुसामी या बंधूंनी, संगीत के. व्ही. महादेवन यांचे.

या कथानकात इतिहासाशी एक विलक्षण खेळ खेळला गेला आहे. तंजावर भागातील मंदिरांत संगीताची दोन पथके असत. ‘पेरिय मेळम्’ म्हणजे मोठा मेळा, नादस्वरम् आणि तविल यांचा, पुरुषांचा. ‘चिन्न मेळम्’ म्हणजे धाकटा मेळा, नर्तकी आणि तिच्या नट्टुवनाराचा. दोन्ही मेळ्यांतली माणसे प्रायः एकाच समाजातली, आणि त्या समाजाने पुढे ‘इसै वेळ्ळाळर’ हे प्रतिष्ठित नाव घेतले. कायदा झाला तेव्हा धाकटा मेळा मंदिरातून बाहेर पडला, थोरला राहिला. पुरुषाचे वाद्य मंगल ठरले आणि स्त्रीचे नृत्य अमंगल. बंदी नंतर आली, पण त्याआधीच त्या समाजातील पुरुषांना आपल्या बहिणींच्या व्यवसायाची लाज वाटू लागली होती. नागराजन यांच्या चित्रपटाचा मध्यबिंदू असलेली स्पर्धा या दृष्टीने पाहावी. मोहना नादस्वरम् आणि तविल यांच्या साथीवर तिल्लाना नाचते. मैफिलीतल्या नृत्याची ही नेहमीची साथ नव्हे. देवळाच्या आवारात, मिरवणुकीत वाजणारे हे वाद्य आहे, आणि त्याच्या प्रचंड नादासमोर घुंगरांचा आवाज टिकवणे म्हणजे जवळजवळ युद्धच. म्हणजे ज्या दोन मेळ्यांची इतिहासाने ताटातूट केली त्यांना चित्रपट आमनेसामने उभे करतो, झुंजवतो, आणि अखेरीस त्यांचे लग्न लावतो. पडद्यावर जो जल्लोष होतो त्याच्या तळाशी ही भरपाई आहे. तमिळ प्रेक्षकाला ती शब्दांत सांगता आली नसती; तिची गरज मात्र त्याला होती.

पण ही भरपाई कोणत्या अटीवर होते? मोहनेने ‘तशी’ नसणे ही ती अट. चित्रपटातील जवळपास प्रत्येक प्रसंग तिच्या शुद्धतेची परीक्षा घेतो, आणि सर्वांत कठोर परीक्षक षण्मुगसुंदरम् हाच आहे. त्याचा संशय हा त्याच्या प्रेमाचा पुरावा म्हणून आपल्यापुढे ठेवला जातो. आईचा व्यवसाय-व्यवहार हा लोभ ठरतो. नर्तकीच्या घरातील मातृसत्ताक अर्थव्यवहाराला, ज्यात मालमत्ता मुलीकडे जात असे, चित्रपटात केवळ थट्टेचे स्थान आहे. मूवलूर रामामिर्तम अम्मैयार यांची ‘दासिगळ मोसवलै’ ही कादंबरी 1936ची. लेखिका स्वतः त्या समाजातली, द्रविड चळवळीतली, आणि दासीप्रथेची कट्टर विरोधक. तिच्या कादंबरीतही लोभी आया आहेत, दलाल आहेत, मूर्ख धनिक आहेत. फरक असा की रामामिर्तम अम्मैयार यांना त्या घरातून बाहेर पडण्याचा मार्ग राजकारणात दिसतो, स्त्रियांच्या सभेत दिसतो. सुब्बु आणि नागराजन यांना तो मंगळसूत्रात दिसतो. त्या मार्गावर नृत्याचे पुढे काय होते, लग्नानंतर मोहना नाचते का, हे विचारायला चित्रपट थांबत नाही.

इथवर आलेली समीक्षा चित्रपटाला दोषी ठरवून थांबू शकली असती, आणि अलीकडे अशी समीक्षा पुष्कळ लिहिली जाते. माझी अडचण अशी की पद्मिनींचे काम या निष्कर्षात मावत नाही. मंदिरातील एक नृत्यप्रसंग घ्यावा. षण्मुगसुंदरम् आपल्या साथीदारांसह लपून तिचे नृत्य पाहतो आहे. तिला ते कळते. ती नाचते आहे देवापुढे, गीत देवाला उद्देशून आहे, आणि लपून पाहणाऱ्याला विचारलेला प्रश्नही देवालाच विचारलेला आहे. षण्मुग हे मुरुगनचे नाव असल्यामुळे संबोधन कुणाला हा प्रश्न उघडा राहतो. पदम् आणि वर्णम् या रचनाप्रकारांतील शृंगार नेमका असाच दुहेरी असे : देव, राजा आणि समोर बसलेला माणूस हे तिन्ही एकाच ‘स्वामी’त सामावलेले, आणि नर्तकीला त्यांतील कुणाकडेही वळण्याची मुभा. नव्या, सभागृहातल्या भरतनाट्याने हा खेळ बव्हंशी सोडून दिला. बालसरस्वती त्याविरुद्ध आयुष्यभर बोलत राहिल्या. तो खेळ इथे, एका व्यापारी चित्रपटात, लाखो लोकांसमोर उघडपणे चालू आहे. पद्मिनींची नजर मूर्तीकडून खांबाकडे जाते आणि परत येते, दरम्यान ओठांच्या कोपऱ्यात जे उमटते त्याला भक्ती म्हणता येत नाही आणि छचोरपणाही म्हणता येत नाही. पटकथा मोहनेला निष्पाप ठरवू पाहते. नर्तकी तिला जाणती करते. त्या वेळी पद्मिनी छत्तीस वर्षांच्या होत्या, विवाहित होत्या, आई होत्या. कोवळ्या मुलीच्या भूमिकेला त्या वयाने दिलेली ही जाण दिग्दर्शकाने योजलेली होती असे मला वाटत नाही. पुढे त्याच्या जखमेनंतर ती नृत्यातूनच त्याचे कुशल विचारते, तेव्हा हीच जाण करुणेच्या अंगाने प्रकट होते.

मी हा चित्रपट प्रथम पाहिला तो माटुंग्याच्या अरोरा चित्रपटगृहात, तमिळ न कळणाऱ्या माणसाने पाहावा तसा. शेजारी बसलेल्या एका वृद्ध बाई स्पर्धेच्या प्रसंगात मांडीवर हाताने ताल धरत होत्या. मध्येच त्यांनी ताल थांबवला आणि पडद्यावर तो चुकला असे काहीसे स्वतःशीच पुटपुटल्या. पुढच्या क्षणी त्यांचा हात पुन्हा चालू लागला आणि डोळ्यांतून पाणी येत होते. लोकप्रियतेचा विचार करताना मला ही बाई नेहमी आठवते. तिला दोष दिसत नव्हता असे नव्हते.

बालसरस्वतींची तुलना इथे अपरिहार्य आहे. वारसदार परंपरेतील या थोर नर्तकीवर सत्यजित राय यांनी ‘बाला’ हा लघुपट केला तो 1976 साली, म्हणजे तिच्या उमेदीचा काळ सरल्यावर. राय यांनी तिला समुद्राच्या वाऱ्यात नाचवले. तिचे वस्त्र उडते, ती ते सावरते, आणि नृत्य चालू राहते. तो लघुपट अभ्यासकांनी पाहिला. पद्मिनींची चित्रफीत मात्र तमिळ समाजाच्या दैनंदिन स्मृतीचा भाग आहे. ज्या स्त्रियांचे नृत्य होते त्यांचे नृत्य जवळजवळ अनोंदित राहिले आणि ज्यांनी ते शिकून घेतले त्यांचे नोंदले गेले, हा अन्याय कुणा एका व्यक्तीने केलेला नाही, पण तो अन्याय आहे. मराठी वाचकाला हे समजायला कष्ट पडू नयेत. ‘सांगत्ये ऐका’पासून (1959) तमाशातल्या बाईचा चेहरा म्हणून आपण ज्या अभिनेत्रींना ओळखतो त्या फडावरून आलेल्या नव्हत्या, आणि फडावरच्या बायकांचे त्या वर्षांतले नृत्य पाहायचे म्हटले तर आपल्याला चित्रपटाकडेच जावे लागते.

मोहनेची प्रतिमा पुढे दोन दिशांना गेली. ‘करगाट्टक्कारन’ने (1989) तेच कथासूत्र डोक्यावर कलश घेऊन नाचणाऱ्या लोककलावंतांकडे नेले, आणि अभिजाततेचा मुलामा उडाल्यावरही कथा तितकीच चालते हे सिद्ध केले. दुसरी दिशा अधिक गूढ आहे. 1993च्या ‘मणिच्चित्रताळ’ या फाझिल यांच्या मलयाळम चित्रपटात, केरळातील एका जुन्या वाड्यात, तंजावरहून आणलेल्या आणि मारल्या गेलेल्या नागवल्ली नावाच्या नर्तकीचे झपाटलेपण आहे. नव्या सुनेच्या, गंगेच्या, अंगात ती येते आणि तमिळ बोलू लागते. गंगेची भूमिका शोभना यांनी केली, राष्ट्रीय पुरस्कारही मिळवला. शोभना म्हणजे पद्मिनींची भाची; आणि फाझिल म्हणजे पद्मिनींना आजीच्या रूपात परत आणणारे दिग्दर्शक. आत्याने त्रावणकोरहून मद्रासला जाऊन तंजावरच्या नर्तकीला सुशील वधू केले होते. एका पिढीनंतर भाचीच्या शरीरातून तीच नर्तकी परत येते, लग्नाला नव्हे, सूड घ्यायला. योगायोगाला हेतू चिकटवू नये हे मला मान्य आहे. तरीही मोहना आणि नागवल्ली या दोन प्रतिमा शेजारी ठेवल्या की पहिलीतून काय वगळले होते ते दुसरीत दिसते, आणि प्रेक्षकाने दोघींवर सारखेच प्रेम केले आहे.

तंजावरच्या सरफोजी महाराजांच्या दरबारात चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् आणि वडिवेलु या चार बंधूंनी आजच्या भरतनाट्य-कचेरीचा क्रम बसवला असे मानले जाते; त्यांतील वडिवेलु पुढे त्रावणकोरला स्वाती तिरुनाळ यांच्या दरबारी गेले. या बंधूंच्या वंशातील के. पी. किट्टप्पा पिळ्ळै यांच्याकडे मदुरैहून नर्तकी नटराज ही शिष्या आली. ही तृतीयपंथी नर्तकी, घराने आणि गावाने झिडकारलेली, लहानपणी नृत्य शिकली ती चित्रपटगृहाच्या पडद्यावर वैजयंतीमाला आणि पद्मिनी यांना पाहून. किट्टप्पांनी तिला शिकवले, आणि तिचे ‘नर्तकी’ हे नावही त्यांनीच ठेवले. 2019 साली तिला पद्मश्री मिळाली.